दर वेळी वेगळीच फाइल करप्ट! गेम दुरुस्त करायचा की मशीन?

चकवा

मंडळी, एका गेमने वात आणलाय. ओपन वर्ल्ड आहे, इन्स्टॉल झाल्यावर सव्वाशे जीबीच्या आसपास जातो. कॉम्प्युटरवर, स्टीम या गेमच्या ऑनलाइन दुकानातून. लोडिंगची पट्टी अर्ध्यावर आली की डेस्कटॉपवर फेकतो. कधी काहीच न सांगता, कधी 'पॅक फाइल करप्ट' (गेमचा डेटा एकत्र बांधलेली मोठी फाइल बिघडली) असा संदेश देऊन. व्हेरिफाय (स्टीमची फाइल-तपासणी) केलं की दोन-चार फाइल्स नापास होतात, त्या पुन्हा उतरतात, गेम चालतो. दुसऱ्या दिवशी ये रे माझ्या मागल्या.

काढून टाकून नव्याने इन्स्टॉल केला. तरी तेच. नेटला महिन्याची मर्यादा आहे, त्यामुळे सव्वाशे जीबी सारखे उतरवणं परवडत नाही. बाकीचे लहान गेम ठीक चालतात.

'फॉरमॅट मारा' म्हणणाऱ्यांनी सोबत कारणही लिहावं, ही विनंती.

पाटीपेन्सिल

अँटिव्हायरसचं क्वारंटाइन (संशयास्पद फाइल्स अडकवून ठेवायची जागा) बघितलं का? गेमची एखादी डीएलएल (प्रोग्रामला लागणारी मदतनीस फाइल) किंवा अँटिचीटची (खेळातली लबाडी रोखणारी) फाइल त्याला संशयास्पद वाटते, तो उचलून नेतो, व्हेरिफाय ती परत आणतं, तो परत नेतो. विंडोज सिक्युरिटीत 'प्रोटेक्शन हिस्टरी' उघडा, तिथे सगळं दिसतं. असेल तर गेमचं फोल्डर एक्सक्लूजनमध्ये (तपासणीतून वगळायच्या यादीत) टाका. पूर्ण अँटिव्हायरस बंद करून बसू नका.

खडूस_काका

फॉरमॅट मारा.

कारण: मजा येते.

जुनाट_जॉयस्टिक

काकांना आवरा कुणीतरी.

चकवा, अँटिव्हायरसचा मुद्दा बरोबर आहे, पण तो सहसा एक्झी आणि डीएलएलच्या मागे लागतो. काही जीबींच्या पॅक फाइलला तो हात लावत नाही. म्हणून आधी एक सांगा: नापास होणाऱ्या फाइल्स दर वेळी त्याच असतात की वेगवेगळ्या? सगळं निदान या एका प्रश्नावर फिरतं आणि नेमका हाच प्रश्न कुणी विचारत नाही.

व्हेरिफाय म्हणजे नेमकं काय होतं ते आधी बघू. स्टीम प्रत्येक गेम साधारण एक एमबीच्या तुकड्यांत कापून ठेवतं. कोणत्या फाइलमध्ये कोणते तुकडे आणि प्रत्येक तुकड्याचा हॅश (डेटावरून काढलेला ठसा) काय, याची यादी म्हणजे मॅनिफेस्ट. व्हेरिफाय तुमच्या डिस्कवरची प्रत्येक फाइल अथपासून इतिपर्यंत वाचतं, हॅश काढतं, यादीशी ताडून बघतं आणि जुळत नाहीत तेवढेच तुकडे नव्याने मागवतं. म्हणून सव्वाशे जीबीच्या गेममध्ये बिघाड असला तरी उतरतं थोडंच. सगळा गेम उडवून पुन्हा घेणं हा त्यामुळे बहुतेक वेळा नेटचा अपव्यय असतो.

दोन गोष्टी सांगून ठेवतो. एक, व्हेरिफायच्या शेवटी एखादी फाइल नापास दाखवली तर घाबरू नये. काही गेम स्वतःच्या सेटिंगच्या फाइल्स इन्स्टॉल फोल्डरमध्येच बदलतात, त्या मूळ यादीशी जुळणारच नाहीत. दुसरं, यादीत नसलेल्या फाइल्सकडे व्हेरिफाय ढुंकूनही बघत नाही. मॉडमुळे गेम कोसळत असेल तर हजारदा व्हेरिफाय करा, मॉड तिथेच राहणार. ते हाताने काढावे लागतात.

पर्याय कुठे असतो हे नव्यांसाठी: स्टीममध्ये लायब्ररीतल्या गेमवर राइट क्लिक, प्रॉपर्टीज, इन्स्टॉल्ड फाइल्स. एपिकमध्ये गेमच्या तीन टिंबांतून मॅनेज आणि तिथे व्हेरिफाय. जीओजी गॅलेक्सीत मॅनेज इन्स्टॉलेशनखाली व्हेरिफाय किंवा रिपेअर. बॅटलनेटमध्ये प्लेच्या शेजारच्या चक्रात 'स्कॅन अँड रिपेअर'. ईए अ‍ॅपमध्ये तीन टिंबांखाली रिपेअर. एक्सबॉक्स अ‍ॅपमध्ये मॅनेज, मग फाइल्स.

चकवा

क्वारंटाइन रिकामं आहे, मॉड एकही नाही.

फाइल्सचं आत्ताच स्टीमच्या लॉग फोल्डरमध्ये जाऊन बघितलं. वेगवेगळ्या आहेत! परवा नापास झालेल्या दोन फाइल्स आज पास, आणि परवा पास असलेली सगळ्यात मोठी पॅक फाइल आज नापास. मध्ये गेमचा अपडेट आलेला नाही. मी हातही लावलेला नाही.

रात्रपाळी

मग गेमला सोडा. चोर सोडून संन्याशाला फाशी चाललीय.

त्याच त्या फाइल्स नापास होत असतील तर तीनच शक्यता: डिस्कचा तेवढा भाग खराब, कुठलं तरी सॉफ्टवेअर त्या फाइल्सना हात लावतंय, किंवा गेम स्वतः त्या बदलतोय. नापास फाइल्स दर वेळी वेगळ्या असतील तर फाइल डिस्कवर धड असूनही वाचताना बिघडत असण्याची शक्यता जास्त. म्हणजे रॅम, प्रोसेसर किंवा केबल.

आणि हे उलटं फिरतं बरं का. व्हेरिफाय फाइल वाचताना ती रॅममधूनच जाते. खराब रॅममधून गेलेला चांगला तुकडा स्टीमला खराब दिसतो. ते नवा तुकडा उतरवतं, तोही त्याच रॅममधून जाऊन डिस्कवर बसतो. कधी चांगला बसतो, कधी बिघडून. आजारी मशीनवर जितकं व्हेरिफाय कराल तितका चांगला गेम खराब होत जाणार. तेव्हा आता व्हेरिफाय थांबवा.

त्याऐवजी एक करून बघा. गेमच्या फोल्डरमधली सगळ्यात मोठी पॅक फाइल निवडा. कमांड प्रॉम्प्ट उघडा. सर्टयुटिल नावाची कमांड विंडोजमध्ये असतेच, तिला हॅशफाइलचा पर्याय, फाइलचा पत्ता आणि शेवटी एसएचए२५६ द्या. ६४ अक्षरांचं उत्तर येईल, ते उतरवून ठेवा. मशीन रीस्टार्ट करा, पुन्हा तेच करा. मग पुन्हा. फाइलला कुणी हात लावलेला नसताना उत्तर बदलता कामा नये. एक अक्षरही नाही.

रीस्टार्ट का? तर विंडोज एकदा वाचलेली फाइल जागा असेल तोवर रॅममध्येच धरून ठेवतं. लगेच दुसऱ्यांदा हॅश काढला तर ते डिस्कपर्यंत जातच नाही, रॅममधली तीच प्रत पुन्हा मोजतं आणि बिघडलेली असली तरी उत्तर तेच येतं. लोक इथेच फसतात आणि 'दोनदा केलं, सारखंच आलं' म्हणून मोकळे होतात.

तिसरी_घंटा

धागा हायजॅक करत नाहीये, पण विषय तोच आहे म्हणून इथेच विचारते. आमच्याकडे पीएस४ आहे. गेमचा अपडेट चालू असताना वीज गेली. आता त्या गेमवर 'करप्टेड डेटा' येतं आणि तो उघडतच नाही. कन्सोलवर व्हेरिफाय कुठे असतं? शोधून दमले. मुलाचा सगळा सेव्ह त्यात आहे, तो गेला तर घरात प्रलय.

पाटीपेन्सिल

ताई, प्लेस्टेशनवर व्हेरिफाय नावाचा पर्याय नाहीच, म्हणून सापडत नाहीये. पण सेव्हचं टेन्शन घेऊ नका. पीएस४वर गेम आणि सेव्ह वेगवेगळे ठेवलेले असतात. गेम डिलीट केल्याने सेव्ह जात नाही. तरी हात लावण्याआधी सेटिंग्जमध्ये 'अ‍ॅप्लिकेशन सेव्हड डेटा मॅनेजमेंट'मध्ये जाऊन त्याची पेन ड्राइव्हवर कॉपी करून घ्या.

मग क्रमाने असं करा:

नोटिफिकेशन्समध्ये डाउनलोड्सची यादी उघडा. अर्धवट राहिलेला अपडेट तिथे चूक दाखवत लटकलेला असतो, तो डिलीट करा आणि गेमवर ऑप्शन्स दाबून 'चेक फॉर अपडेट' करा. बऱ्याचदा इथेच सुटतं.

नाही सुटलं तर सेफ मोड. कन्सोल पूर्ण बंद करा, रेस्ट मोडमध्ये नाही. पॉवरचं बटण दाबून धरा, एक बीप दाबल्याबरोबर होईल, साधारण सात सेकंदांनी दुसरी. दुसरीनंतर सोडा. कंट्रोलर यूएसबी केबलनेच जोडा, या मोडमध्ये ब्लूटूथ चालत नाही. यादीत पाचवा पर्याय 'रीबिल्ड डेटाबेस'. तो डिस्कवर काय काय आहे त्याची नोंदवही नव्याने लिहितो. गेम आणि सेव्ह शाबूत राहतात. हार्ड डिस्क भरलेली असेल तर वेळ लागतो, मध्येच बंद करू नका.

सहावा आणि सातवा पर्याय 'इनिशियलाइझ'चे आहेत. ते सगळं पुसतात. पाच आणि सहा शेजारी शेजारी आहेत, तेव्हा बटण दाबताना घाई नको.

एवढं करूनही करप्टच दाखवत असेल तर गेम डिलीट करून परत घ्या, डिस्कवरून किंवा लायब्ररीतून. आणि जागा भरपूर रिकामी ठेवा. पीएस४ अपडेट बसवताना गेमची नवी प्रत बाजूला तयार करतं, त्यामुळे अपडेट चिमुकला असला तरी अख्ख्या गेमएवढी मोकळी जागा मागू शकतं.

जुनाट_जॉयस्टिक

भर घालतो. गेमच्या चित्रावर कुलूप दिसत असेल तर ते करप्शन नाही, लायसन्सचा घोळ आहे. अकाउंट मॅनेजमेंटमध्ये 'रिस्टोअर लायसन्सेस' केलं की सहसा जातं. त्यासाठी गेम उडवणारे लोक पाहिले आहेत.

पीएस५वर पाचव्या पर्यायातच दोन भाग आहेत: आधी सिस्टिमचा कॅशे साफ करणं आणि मग डेटाबेस. पहिला करून बघावा, भागलं नाही तर दुसरा. मात्र तिथे पीएस५च्या गेमचे सेव्ह यूएसबीवर काढताच येत नाहीत, फक्त क्लाउडवर जातात आणि त्याला प्लेस्टेशन प्लसचं सदस्यत्व लागतं. पीएस४च्या गेमचे निघतात.

सीई-३४८७८-० (पीएस४) आणि सीई-१०८२५५-१ (पीएस५) हे कोड पाहून लोक छातीवर हात ठेवतात. दोन्हींचा अर्थ एवढाच की गेम कोसळला. का कोसळला ते त्यातून कळत नाही. एकाच गेमवर येत असेल तर त्या गेमकडे बघा, सगळ्यांवर येत असेल तर हार्ड डिस्ककडे.

बिनधास्त_बटण

एक्सबॉक्सचं पण सांगा की.

जुनाट_जॉयस्टिक

तिथे सांगण्यासारखं कमी आहे. कन्सोलचं बटण दहा सेकंद दाबून पूर्ण बंद करा, वायर काढून पुन्हा लावा. गेम बिघडलाच असेल तर अनइन्स्टॉल करून पुन्हा घ्या, सेव्ह क्लाउडवर आपोआप जातो, नेट चालू होतं ना तेवढं बघा. अगदीच गळ्याशी आलं तर रीसेट करताना 'गेम्स अँड अ‍ॅप्स ठेवा' हा पर्याय निवडा, दुसरा नाही.

चकवा

सर्टयुटिल चालवलं. पहिल्यांदा उत्तर ९एफ३ ने सुरू झालं. रीस्टार्टनंतर सी०७. परत रीस्टार्ट, परत ९एफ३. मधलं पूर्ण वेगळं आहे, एक-दोन अक्षरं नाही, ६४ पैकी जवळजवळ सगळी बदलली.

हे बघून जरा हबकलोय. फाइल तीच, तारीख तीच, आकार तोच.

रात्रपाळी

जवळजवळ सगळी बदलणारच, हॅश असाच असतो. अब्जावधी बिट्सपैकी एक उलटला तरी पूर्ण उत्तर पालटतं. नऊएफतीन दोनदा आलं म्हणजे डिस्कवरची प्रत बहुधा धड आहे आणि मधल्या वेळी वाचताना गडबड झाली.

आता डिस्क की रॅम. डिस्कवर प्रत्येक सेक्टरसोबत चुका पकडायचा कोड लिहिलेला असतो. त्यामुळे डिस्क बिघडली की ती बहुधा 'वाचता येत नाही' म्हणून हात वर करते. गुपचूप चुकीचं वाचून देणं तिच्या बाबतीत दुर्मिळ. साध्या रॅमला असा पहारा नसतो, ती बिनदिक्कत चुकीचा बिट हातावर ठेवते. म्हणून माझा संशय रॅमवर. तरी डिस्कही बघून घ्या, पाच मिनिटांचं काम आहे: क्रिस्टलडिस्कइन्फो (डिस्कची तब्येत दाखवणारा प्रोग्राम) उघडा. हार्ड डिस्क असेल तर ०५, सी५ आणि सी६ या ओळींचे आकडे शून्य हवेत. सी७ वाढत असेल तर डिस्क नाही, साटा केबल (डिस्क मदरबोर्डला जोडणारी) दोषी, बदलून टाका. एनव्हीएमई (वेगवान एसएसडी) असेल तर 'मीडिया अँड डेटा इंटिग्रिटी एरर्स' शून्य हवं. इव्हेंट व्ह्यूअरमध्ये सिस्टिमखाली डिस्कच्या नावाने ७ किंवा १५३ क्रमांकाच्या नोंदी असतील तर त्याही सांगा.

आणि एक: बायोसमध्ये (मदरबोर्डच्या मूळ सेटिंग्जमध्ये) एक्सएमपी, म्हणजे रॅम जास्त वेगाने चालवायचा पर्याय, चालू आहे का?

चकवा

चालू आहे. रॅम विकत घेताना खोक्यावर जो वेग लिहिला होता तो मिळावा म्हणून. एनव्हीएमई आहे, चुका शून्य, ७ आणि १५३ एकही नाही.

पाटीपेन्सिल

एक्सएमपी (एएमडीवाल्यांचं एक्स्पो) म्हणजे ओव्हरक्लॉकिंगच (मूळ वेगापेक्षा जास्त पळवणं), खोक्यावर छापलेलं असलं तरी. आधी ते बंद करा, मशीन मूळ वेगाने चालू दे. डीडीआर४ रॅम बहुधा २१३३वर येईल. मग परत हॅश.

घड्याळजी

प्रोसेसर कुठला आहे? इंटेलच्या १३व्या आणि १४व्या पिढीच्या डेस्कटॉप प्रोसेसरांचं प्रकरण आठवा. जास्तीच्या व्होल्टेजमुळे ते हळूहळू अस्थिर होत होते आणि पहिली लक्षणं गेममध्येच दिसायची. गेमच्या पॅक फाइल्स दाबून बसवलेल्या असतात, त्या उलगडताना सगळे कोर एकदम पूर्ण ताकदीने चालतात, अस्थिर कोर तिथे चुकतो आणि गेम म्हणतो फाइल करप्ट. अनरिअल इंजिनच्या गेममध्ये तर भलताच संदेश यायचा: 'आउट ऑफ व्हिडिओ मेमरी'. लोक ग्राफिक्स कार्ड बदलत बसले. आग रामेश्वरी, बंब सोमेश्वरी. या गेम्समधलं ऊडल हे डेटा उलगडणारं सॉफ्टवेअर ज्यांचं आहे, त्यांनी स्वतंत्र पान लिहून सांगितलं की चूक आमच्या कोडची नाही, प्रोसेसरची आहे.

ऑगस्ट २०२४मध्ये इंटेलने ०एक्स१२९ हा मायक्रोकोड (प्रोसेसरच्या आतल्या सूचनांची दुरुस्ती) दिला, सप्टेंबरमध्ये ०एक्स१२बी. दोन्ही मदरबोर्डच्या बायोस अपडेटमधून येतात. ज्यांचे प्रोसेसर शाबूत आहेत त्यांना त्यांचा उपयोग. आधीच खराब झालेला प्रोसेसर त्याने सुधारत नाही, तो वॉरंटीत बदलून घ्यावा लागतो. इंटेलने त्या मॉडेल्सची वॉरंटी दोन वर्षांनी वाढवली होती.

चकवा

त्या पिढ्यांमधला नाही, त्यामुळे ते सुटलं. एक्सएमपी बंद करून आज रात्री हॅश काढतो.

शिकाऊ_उमेदवार

माझाही प्रश्न घ्या. सेटअप चालवला की 'आयएसडन डॉट डीएलएल' आणि 'अनआर्क रिटर्न्ड अ‍ॅन एरर कोड' असं येतं. उणे १२ लिहिलंय. काय करू?

खडूस_काका

गेम विकत घे.

जुनाट_जॉयस्टिक

या वेळी काकांशी सहमत. हा संदेश बहुतेक वेळा रीपॅकच्या (दाबून लहान केलेल्या चोरीच्या प्रतीच्या) सेटअपमधून येतो, आणि कुणी कुठे काय कोंबलंय ते ठाऊक नसलेली एक्झी दुरुस्त करायला इथे कुणी मदत करणार नाही. बरं, त्यांच्या सूचनांमध्ये अँटिव्हायरस बंद करा असंही लिहिलेलं असतं. करू नको.

शिकाऊ_उमेदवार

प्रकाटाआ (प्रतिसाद काढून टाकला आहे)

बिनधास्त_बटण

माझा गेम सुरूच होत नाही, ०एक्ससी०००००७बी येतं. एका साइटवर गेमला हवी असलेली डीएलएल फुकट मिळतेय, टाकू का?

पाटीपेन्सिल

नको नको नको. त्या साइटवरची डीएलएल कुठल्या आवृत्तीची, ३२ बिटची की ६४ची, आत आणखी काय आहे, काहीच माहीत नसतं. आणि हा कोड मुळात बहुतेक वेळा ३२ आणि ६४ बिटच्या डीएलएलची सरमिसळ झाली की येतो, म्हणजे उपायानेच आजार वाढायचा.

एमएसव्हीसीपी१४० किंवा व्हीसीरनटाइम१४० नाही म्हणत असेल तर मायक्रोसॉफ्टच्या साइटवरून व्हिज्युअल सी++ रीडिस्ट्रिब्युटेबल घ्या, एक्स८६ आणि एक्स६४ दोन्ही. ६४ बिट विंडोजवरही ३२ बिटचा गेम ३२ बिटचीच मागतो. डी३डीएक्स९_४३ किंवा एक्सइनपुट१_३ म्हणत असेल तर तो जुना गेम आहे, त्याला डायरेक्टएक्सचं जून २०१० चं रनटाइम लागतं, विंडोज ११ असलं तरी. स्टीमच्या गेममध्ये 'कॉमनरीडिस्ट' नावाच्या फोल्डरमध्ये हे इन्स्टॉलर बहुधा आधीच पडलेले असतात. नेटही लागत नाही.

झोपाळू_ड्रॅगन

स्विचवाल्यांचं कुणी बोलतच नाहीये. माझ्याकडे मेमरी कार्डवरचे गेम एकामागून एक मरतायत.

रात्रपाळी

स्विचवर मात्र व्हेरिफाय आहे, निन्टेन्डोने ते नीट लपवलंय एवढंच. होम मेनूवर गेमच्या चित्रावर जाऊन + दाबा, मॅनेज सॉफ्टवेअर, मग 'चेक फॉर करप्टेड डेटा'. खराब निघालं तर तिथेच पुन्हा डाउनलोड करायला सांगतं. स्विचवर सेव्ह कन्सोलच्या स्वतःच्या मेमरीत असतो, कार्डवर नाही, त्यामुळे कार्ड मेलं तरी सेव्ह वाचतो.

पण एकामागून एक मरतायत म्हणजे कार्डच संशयास्पद. कार्ड नवीन आहे का, आणि आकाराच्या मानाने फारच स्वस्तात मिळालं का?

झोपाळू_ड्रॅगन

हो आणि हो. :(

रात्रपाळी

मग कॉम्प्युटरला लावून एच२टेस्टडब्ल्यू चालवा (लिनक्स किंवा मॅकवर एफ३). कार्ड रिकामं करून चालवायचं असतं. ते अख्खं कार्ड ठरावीक डेटाने भरतं आणि परत वाचून बघतं. नकली कार्ड आपण मोठे आहोत असं कन्सोलला सांगतं, खरी जागा संपली की जुन्यावर नवं लिहितं किंवा लिहिलेलं सोडून देतं. म्हणून सुरुवातीला सगळं सुरळीत असतं आणि कार्ड भरत आलं की गेम मरायला लागतात. तुमचं वर्णन तंतोतंत तेच आहे.

चकवा

एक्सएमपी बंद करून हॅश काढले, मध्ये मध्ये रीस्टार्ट करून. सगळे ९एफ३. एकदाही बदलला नाही. म्हणजे रॅमच?

रात्रपाळी

रॅम, किंवा मदरबोर्डला तो वेग झेपत नाही. नक्की करायला मेमटेस्ट८६ (रॅम तपासणारा प्रोग्राम) पेन ड्राइव्हवर घ्या आणि त्यावरून मशीन सुरू करा. एक्सएमपी चालू ठेवून रात्रभर लावा. लाल ओळ एक जरी आली तरी नापास, 'थोड्याच चुका आहेत' असं काही नसतं. मग रॅमची एकेक स्टिक (पट्टी) एकटीच त्याच खाचेत लावून तपासा. विंडोजमधली मेमरी डायग्नॉस्टिक पण आहे, पण ती बऱ्याच चुका सोडून देते. तिच्या पास म्हणण्यावर विसंबू नका.

तिसरी_घंटा

पाचवा पर्याय लागू पडला! गेम उघडला, सेव्ह जागेवर आहे. धन्स पाटीपेन्सिल. डाउनलोड्समधला लटकलेला अपडेट आधी दिसतच नव्हता, रीबिल्डनंतर दिसला, मग डिलीट केला.

वाचनवेडी

वाखु (वाचनखूण) साठवली आहे. एक शंका: सेव्हच करप्ट झाला असेल तर? गेम ठीक, व्हेरिफाय पास, पण एका ठरावीक सेव्हवर कोसळतो.

जुनाट_जॉयस्टिक

व्हेरिफायला सेव्हशी देणंघेणं नाही, ते मॅनिफेस्टमध्ये नसतात. कॉम्प्युटरवर डॉक्युमेंट्समधलं माय गेम्स, सेव्हड गेम्स, किंवा अ‍ॅपडेटामधलं लोकल आणि लोकललो इथे शोधा. काही गेम आधीच्या सेव्हची .बीएके किंवा तत्सम नावाची प्रत तिथेच ठेवतात, ती नाव बदलून वापरता येते. सगळ्या फोल्डरची कॉपी बाजूला करूनच प्रयोग करा.

क्लाउडचा घोळ वेगळाच. खराब सेव्ह क्लाउडवरही चढलेला असू शकतो, मग तुम्ही इथे चांगला टाकला की स्टीम विचारतं कुठला ठेवू. तिथे तारीख आणि वेळ वाचून निवडा, सवयीने पहिलं बटण दाबू नका. तिथे पर्याय चुकला तर परत फिरणं जवळजवळ नाहीच.

सेव्ह होतच नसेल तर विंडोज सिक्युरिटीमधलं 'कंट्रोल्ड फोल्डर अ‍ॅक्सेस' बघा. ते डॉक्युमेंट्समध्ये लिहायला गेमला मज्जाव करतं आणि गेम बिचारा काहीच बोलत नाही.

चकवा

लाल ओळी आल्या. भरपूर. एकेक करून बघितलं, एक स्टिक एक्सएमपीवर स्वच्छ, दुसरी मूळ वेगातही मध्येच एखादी चूक दाखवते. ती काढून ठेवली. आता उरलेल्या स्टिकवर व्हेरिफाय केलं तर काही तुकडे नापास आले, ते उतरले, आणि त्यानंतरची व्हेरिफाय स्वच्छ. नेटचे फारच थोडे एमबी गेले.

पाटीपेन्सिल

वा! अजून काही मोठं उतरवायचं असेल आणि घरात दुसऱ्या मशीनवर तोच गेम असेल तर स्टीमच्या सेटिंग्जमध्ये डाउनलोड्सखाली लोकल नेटवर्कवरून फाइल्स घेण्याचा पर्याय आहे, २०२३पासून. नेटची मर्यादा वाचते.

घड्याळजी

पण खराब रॅमवर फक्त गेम नव्हता ना. विंडोजही त्याच रॅमवर अपडेट होत होतं. विंडोजच्या फाइल्स दुरुस्त करायला आधी डिस्मची रिस्टोअरहेल्थ कमांड चालवा, मग एसएफसी स्कॅननाऊ. हा क्रम महत्त्वाचा, कारण एसएफसी ज्या साठ्यातून चांगल्या फाइल्स घेतं तो साठा आधी डिस्म दुरुस्त करतं.

चकवा

एसएफसीने काही फाइल्स दुरुस्त केल्याचं सांगितलं. आणि आता खरी भीती: याच काळात मी फोनमधले सगळे फोटो या मशीनवर घेतले होते.

रात्रपाळी

फोनमधले डिलीट केले नसतील तर पुन्हा कॉपी करा आणि जुन्या प्रतीशी हॅश ताडून बघा. केले असतील तर फोटो एकेक उघडून बघण्याला पर्याय नाही. बिघडलेल्या जेपेगमध्ये बहुधा मधूनच राखाडी पट्टा किंवा रंग सरकलेला दिसतो. झिप किंवा ७झेड फाइल्स असतील तर सेव्हनझिपमध्ये 'टेस्ट आर्काइव्ह' करा, त्यांच्या आत स्वतःचा सीआरसी (तपासणीचा आकडा) असतो, चूक असेल तर लगेच सांगतात. आणि या काळात घेतलेला बॅकअप जुन्या बॅकअपवर चढवू नका, दोन्ही वेगळे ठेवा.

चकवा

फोनमध्ये आहेत अजून, नशीब. झिप तपासायला लावल्या आहेत. ती स्टिक वॉरंटीत आहे, एकटी पाठवू की दोन्ही?

पाटीपेन्सिल

जोडी म्हणून घेतली असेल तर बहुधा दोन्ही मागतात, त्यामुळे काही दिवसांसाठी दुसऱ्या स्टिकची सोय बघून ठेवा. मेमटेस्ट८६ चाचणी संपल्यावर एचटीएमएल रिपोर्ट त्याच पेन ड्राइव्हवर सेव्ह करू देतं. तो तक्रारीसोबत जोडा, म्हणजे 'विंडोज पुन्हा टाकून बघा' हे ऐकावं लागणार नाही.